फटीतली वटवाघळं आणि माझे दोन कान

मुलांनो, जरा कल्पना करा. तुम्ही पलंगावर झोपत नाही, छताला झोपता. पायांची बोटं पंख्याच्या कडीत अडकवली आहेत, डोकं खाली लोंबतंय, आणि पांघरूण म्हणून स्वतःचेच हात अंगाभोवती गुंडाळून घेतले आहेत. तुम्ही म्हणाल, झोप लागली की बोटं सुटतील आणि आपण धप्पकन खाली येऊ. माणूस येईल, वटवाघूळ येत नाही. त्याच्या पायातल्या शिरांची रचनाच अशी, की अंगाचा भार पडला की बोटं आपोआप आवळली जातात. धरून ठेवायला त्याला काहीच करावं लागत नाही. कष्ट पडतात ते सोडायला.

शाळेत मी हे पुष्कळ वर्षं शिकवलं. मुलं माना डोलवायची, मीही पुढच्या मुद्द्याकडे वळायचो. हल्ली सुट्टी संपून नात परत जायला निघते आणि आमच्या गॅलरीत मी तिची बॅग हातात घेऊन उभा असतो, तेव्हा वटवाघळाच्या पायाचा तो मुद्दा मला पुरता समजतो.

नातीला आम्ही वाटाणी म्हणतो. जन्मली तेव्हा तेवढीशीच होती, आणि आता तिसरीत गेली तरी नाव काही वाढलं नाही. ती राहते आईबापांजवळ, विमानानं जावं लागतं इतक्या लांब. वर्षातून एकदा मोठ्या सुट्टीत आमच्याकडे येते. बाकीचं वर्ष आम्ही फोनवर काढतो. ती बोलते, मी "बरं, बरं" म्हणतो. मग आजी माझ्या हातातून फोन काढून घेते.

तर या सुट्टीत, आल्या आल्या, वाटाणीनं आमच्या इमारतीत वटवाघळं शोधून काढली.

आमची इमारत म्हणजे खरं तर एकमेकांना खेटून उभ्या असलेल्या दोन इमारती. उन्हानं सिमेंट फुगतं, थंडीनं आकसतं, म्हणून बांधणाऱ्यांनी मध्ये दोन बोटांची फट सोडली आहे, तळापासून गच्चीपर्यंत. ती फट आमच्या मागच्या गॅलरीच्या अगदी शेजारून जाते. इतकी वर्षं मी तिथे बसून चहा पितो, पण त्या फटीत कुणी राहतं याचा मला पत्ता नव्हता. वाटाणी आली त्याच संध्याकाळी गॅलरीच्या कठड्याला नाक लावून उभी राहिली आणि म्हणाली, "आजोबा, भिंतीतून काहीतरी बाहेर पडलं. अजून एक पडलं. अजून एक."

मी चष्मा घालून आलो. फटीतून काळ्या चिंध्या सुटाव्यात तशी ती सुटत होती, थोडी खाली पडायची आणि मग सावरून सरळ आकाशात निघून जायची.

"वटवाघळं," मी म्हणालो.

"ती टिकटिक करतायत."

आता सांगा, निवृत्त विज्ञानशिक्षकानं अशा वेळी काय करावं? मी तिला खुर्चीवर बसवलं आणि समजावलं की वटवाघळं तोंडानं आवाज करतात, तो किड्यावर आपटून परत येतो, त्या परतीच्या आवाजावरून त्यांना अंधारात किडा कुठे आहे ते कळतं, आणि किडा जवळ आला की हे आवाज भराभर होत जातात. पण हा आवाज इतका वरच्या पट्टीतला असतो की माणसाच्या कानाला तो ऐकूच येत नाही.

"मला येतोय," वाटाणी म्हणाली.

"तो तुला भास होतोय."

ती काहीतरी पुटपुटली. हल्लीची मुलं फार पुटपुटतात, हे मी तेव्हाच मनात नोंदवलं.

मग तिनं विचारलं, "यांचं नाव काय?"

"वटवाघूळ. सांगितलं ना."

"ते आडनाव झालं, आजोबा. नाव काय? माझ्या वर्गातल्या सगळ्यांना कुणी नुसतं 'ए मूल' अशी हाक मारली तर कोण बघेल?"

प्रश्न बिनतोड होता. जगात वटवाघळांच्या हजाराहून जास्त जाती आहेत. दूध पाजणाऱ्या प्राण्यांच्या दर पाच जातींतली एक वटवाघळाची निघते. एवढ्या मोठ्या कुळातली ही नेमकी कोण? मला ठाऊक नव्हतं. पण "ठाऊक नाही" म्हणण्याऐवजी मी "शोधून काढू, तू जायच्या आत" असं म्हणालो, आणि तिथेच सगळं बिघडलं.

बातमी जिन्यात पोचायला वेळ लागला नाही. समोरच्या विमाकाकू, म्हणजे विम्याचं काम करणाऱ्या शेजारीणबाई, डोक्याला घट्ट रुमाल बांधून आल्या. "केसात अडकतात हो. सोडवता सोडवत नाहीत."

"काकू, जे काळोखात डास पकडतं त्याला तुमचं डोकं दिसणार नाही का?"

"दिसेल म्हणूनच बांधलाय रुमाल," काकू म्हणाल्या.

वरच्या मजल्यावरचे वकीलसाहेब शांतपणे फटीकडे बघत राहिले. ते प्रत्येक गोष्टीकडे, समोरचा आत्ता कबूल होईल, अशा नजरेनं बघतात. "सिमेंटनं बुजवून टाका. पुरावा नाही, तर प्रश्न नाही."

"फट बुजवली तर इमारत तडकेल. आणि आत पिल्लं असतील."

"तुम्ही पाहिलीत?"

"नाही."

"मग 'असतील' म्हणू नका. 'असू शकतील' म्हणा." एवढा सल्ला देऊन ते वर गेले.

वटवाघूळ पकडून त्याचं नाव काढणं बरोबर नव्हतं. ते बिचारं घाबरतं, शिवाय चावतंही, आणि त्याला उगाच हात लावू नये हे मीच मुलांना शिकवत आलोय. दुसरा मार्ग आवाजाचा. प्रत्येक जातीची पट्टी वेगळी असते. माझी एक जुनी विद्यार्थिनी परदेशात वटवाघळांचाच अभ्यास करते. तिला फोन लावला. ती म्हणाली, "सर, त्यांचा आवाज माणसाला ऐकू येईल इतका खाली उतरवून देणारं छोटं यंत्र मिळतं. माझ्याकडे जादाचं आहे, पाठवते." आणि तिनं खरंच तत्परतेनं पाठवलं.

ते आलंही तितक्याच तत्परतेनं. आलं आणि पार्सल कार्यालयात अडकलं.

मी वाटाणीला घेऊन गेलो. सरकारी कामकाज मुलांनी लहानपणीच पाहून घ्यावं, मोठेपणी धक्का बसत नाही. खिडकीवरच्या बाईंनी खोकं हलवून पाहिलं.

"काय आहे यात?"

"वटवाघळांचा आवाज ऐकायचं यंत्र."

"कोण ऐकणार?"

"मी."

"म्हणजे कानाचं यंत्र."

"नाही हो. माझे कान ठणठणीत आहेत. वटवाघळांचा आवाज कुठल्याच माणसाला ऐकू येत नाही."

"मग ऐकायचा कशाला?"

यावर माझ्याजवळ उत्तम उत्तर होतं, पण ते एका तासिकेचं होतं आणि मागे रांग होती. बाई समजावणीच्या सुरात म्हणाल्या, "असं आहे, काका. प्रत्येक वस्तूचा वर्ग ठरलेला असतो. संदेशवहनात टाकलं तर परवाना लागेल. प्राण्यांच्या सामानात टाकलं तर प्राणी पाळीव की वन्य ते सांगावं लागेल. पाळीव आहे का?"

"नाही."

"वन्य?"

"आमच्या इमारतीत राहतं."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "म्हणून सांगते, कानाच्या यंत्रात टाकू. डॉक्टरचं प्रमाणपत्र आणा, घेऊन जा."

"पण ते कानाचं यंत्र नाहीये. चुकीच्या वर्गात कसं टाकता?"

"वर्ग नाही अशी वस्तू नसते," बाई म्हणाल्या आणि त्यांनी पुढच्या माणसाला हात केला.

खरं सांगतो, त्या वाक्यानं मी जरा विरघळलो. कारण बिचाऱ्या वटवाघळाचाही असाच प्रत्येक खिडकीवर अपमान झालेला आहे. उडतं म्हणून लोकांनी त्याला आधी पक्ष्यांत टाकलं. अंगावर केस आहेत, पिल्लाला दूध पाजतं, हे दिसल्यावर तिथून काढलं. मग शास्त्रज्ञांनी त्याला स्वतंत्र गण दिला आणि त्याचं नाव ठेवलं, 'ज्याचा हात हाच पंख'. कारण त्याचा पंख म्हणजे लांबलचक बोटं आणि त्यांच्यामध्ये ताणलेली कातडी. पुढे त्या गणाचे दोन भाग केले. मोठ्या डोळ्यांची, फळं खाणारी एकीकडे, आणि आवाजावर किडे पकडणारी छोटी दुसरीकडे. मी आयुष्यभर हेच शिकवलं. आणि मी निवृत्त व्हायच्या सुमाराला कुणीतरी त्यांच्या पेशींतली आनुवंशिक खूण तपासली, तर घोड्याच्या नालेसारख्या नाकाची छोटी वटवाघळं निघाली फळखाऊंची जवळची भावंडं. सगळं घर पुन्हा मांडावं लागलं. मी ज्या मुलांचे या प्रश्नाला गुण कापले, त्यांतल्या काहींचं उत्तर कदाचित बरोबरही असेल. असो.

घरी येऊन मी जाहीर केलं, "मी डॉक्टरचं प्रमाणपत्र आणणार आहे."

आमच्या सौभाग्यवती पोळपाटावरून मान वर न करता म्हणाल्या, "बरं झालं. कधीचं सांगतेय."

"कान चांगले असल्याचं प्रमाणपत्र. म्हणजे त्यांना मान्य करावंच लागेल की ते कानाचं यंत्र नाही."

त्यांनी मान वर केली. माझ्याकडे पाहिलं. मग वाटाणीकडे पाहिलं. वाटाणीनं खाली पाहिलं. "जाऊन या," सौभाग्यवती म्हणाल्या.

जगात कान बिघडल्याचं प्रमाणपत्र मागायला लोक जातात. कान उत्तम असल्याचं मागायला ताठ मानेनं गेलेला मी बहुधा पहिलाच. कान तपासणाऱ्या ताई तरुण होत्या, आवाजानं मृदू. त्यांनी मला काचेच्या एका छोट्या खोलीत बसवलं, कानांवर मोठे गोळे चढवले, हातात बटण दिलं आणि खुणेनं सांगितलं की आवाज आला की दाबा. सुरुवातीला जाडसर आवाज आले. मी तडफेनं बटण दाबत गेलो. मग त्यांचं काहीतरी थांबलं असावं. मी वाट पाहत बसलो. काचेपलीकडे ताई कसल्याशा खुंट्या फिरवत होत्या. बराच वेळ तयारीतच चाललाय असं वाटून मी शेवटी काचेवर टकटक केली.

"पुढची कधी सुरू करताय?"

ताईंनी दार उघडलं. "झाली, काका."

त्यांनी मला आलेख दाखवला. बागेतल्या घसरगुंडीसारखा होता. डावीकडे बरा उंच, मग एकदम खाली. मी म्हटलं, तुमचं यंत्र वरच्या पट्टीत बिघडलेलं दिसतंय. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "वयाबरोबर वरचे आवाज आधी जातात. पाखरांचं चिवचिवणं, घड्याळाचा बारीक गजर. आणि लहान मुलांचं बोलणं. आवाज येतो, पण शब्दांच्या कडा जातात. स, श, फ. त्यामुळे मुलं पुटपुटतात असं वाटतं."

"हल्लीची मुलं पुटपुटतातच."

"इथे येणारे सगळे आजोबा हेच म्हणतात," ताई म्हणाल्या.

मी त्यांना माझ्या कामाचं स्वरूप सांगितलं, वटवाघळांविषयीही बरंच सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि प्रमाणपत्रावर लिहिलं की दोन्ही कानांना यंत्राची गरज आहे. कागद चार घड्या घालून मी सदऱ्याच्या आतल्या खिशात टाकला. घरी विचारलं तेव्हा सांगितलं की डॉक्टर भेटले नाहीत.

त्या संध्याकाळी वाटाणी नेहमीसारखी गॅलरीत उभी होती. वटवाघळं सुटायला लागली. ती मान किंचित कलती करून उभी राहिली, आणि तिच्या चेहऱ्यावर, कुणी ओळखीचं माणूस दुरून बोलतंय आणि आपण त्याचे शब्द वेचतोय, असं काहीतरी आलं. मध्येच हसली. मी आकाशाकडे बघत होतो, मग तिच्याकडेच बघत राहिलो. आकाश माझ्यापुरतं गप्प होतं. ताई म्हणाल्या होत्या, लहान मुलांचं बोलणं. मग मला सगळे फोन आठवायला लागले. ती कितीतरी बोलली असेल. शाळेतलं, मैत्रिणींचं, पडलेल्या दाताचं. आणि मी प्रत्येक गोष्टीला बरं म्हटलेलं.

मी आत गेलो आणि विद्यार्थिनीला पुन्हा फोन लावला. पार्सलची रडकथा सांगितली. ओघात म्हणालो, "नात म्हणते तिला त्यांची टिकटिक ऐकू येते. असं होऊ शकतं का गं?"

"टिकटिक? ती बाहेर पडतात तेव्हा येते?"

"रोज म्हणते."

ती पलीकडे एकदम उत्साहानं बोलायला लागली; माझ्यासाठी तिला सगळं दोनदा बोलावं लागलं. "सर, मग यंत्राची गरजच नाही. बहुतेक जातींचा आवाज लहान मुलांनाही येत नाही. पण मोकळ्या शेपटीची काही थोडी वटवाघळं खालच्या पट्टीत ओरडतात. त्यांचा आवाज मुलांना येतो, तरुणांनाही येतो. ती असल्या उंच फटींतच राहतात. बाहेर पडताना आधी खाली झेप घेतात आणि मग सरळ उंच जातात. बाकीच्यांची शेपूट पंखांच्या पडद्यात शिवलेली असते, यांची उंदरासारखी बाहेर लोंबते. तुमच्या नातीनं नाव काढून दिलं की, सर."

मी वाटाणीला सांगितलं. "तुझं बरोबर होतं. ती टिकटिक करतात. त्यांना मोकळ्या शेपटीची वटवाघळं म्हणतात."

"मोकळ्या शेपटीची," तिनं ते नाव तोंडात घोळवून पाहिलं. "चांगलंय. म्हणजे आता यंत्र नको?"

काम संपलं होतं. तिला नाव हवं होतं, नाव मिळालं होतं. कुणीही शहाणा माणूस इथे थांबला असता.

"हवंय," मी म्हणालो. "मला ऐकायचंय. तुला येतं ते."

ती परवा जाणार होती. दुसऱ्या दिवशी सकाळीच आम्ही पार्सल कार्यालयात हजर. मी आजूबाजूला कुणी ओळखीचं नाही ना ते पाहून घेतलं. विमाकाकू होत्या. त्यांचं कसलंसं टपाल होतं. तरीही मी घड्या उलगडून तो कागद खिडकीतून आत सरकवला. शाळेत असताना परीक्षेत कॉपी सापडलेल्या मुलांचे चेहरे कसे व्हायचे ते मला आठवलं.

बाईंनी कागद वाचला. पार्सलवरचं वर्णन वाचलं. पुन्हा कागद वाचला.

"शिफारस दोन्ही कानांची आहे."

"हो."

"पार्सलमध्ये नग एकच आहे."

"एकच येतं ते."

"मग दुसऱ्या कानाचं काय?"

"बाई, ते कानात घालायचं नाहीच आहे. हातात धरायचं आहे."

"कानाचं यंत्र हातात?" बाईंनी सहानुभूतीनं माझ्याकडे पाहिलं. त्यांना वाटलं असावं, कानांपेक्षा वर काहीतरी बिघाड आहे. "प्रमाणपत्र आणि नग जुळत नाहीत, काका. एकाच कानाचं लिहून आणा."

मी वळलो. आता ताईंकडे जाऊन एक कान बरा करून आणायचा, एवढंच उरलं होतं. तेवढ्यात पाहतो तर वाटाणी टाचा उंचावून खिडकीला लोंबकळली होती आणि बाईंशी काहीतरी बोलत होती. मला एक अक्षर ऐकू आलं नाही. बाईंनी ऐकून घेतलं, उठल्या, आणि आतल्या दाराशी जाऊन साहेबांना सांगायला लागल्या. त्या बाईंचा आवाज मात्र सरकारी होता, सगळ्या कार्यालयाला ऐकू जाणारा.

"साहेब, मुलगी म्हणते, तिच्या आजोबांना तिचं फोनवरचं बोलणं ऐकू येत नाही, नुसतं बरं बरं म्हणतात. त्यांना सांगितलं तर वाईट वाटेल म्हणून घरात कुणी सांगत नाही. विचारतेय, हे यंत्र आलं तर येईल का ऐकू."

रांगेतला प्रत्येक जण भिंतीवरची निरनिराळी सूचना वाचू लागला. विमाकाकूंनी पिशवीत काहीतरी शोधायला घेतलं.

आतून साहेबांचं काही उत्तर आलं. बाई परत आल्या, खोक्यावर शिक्का मारला आणि ते माझ्यापुढे ठेवलं. "खेळण्यांत टाकलंय. घेऊन जा."

वाटाणीनं माझ्याकडे पाहिलं, मला ऐकू गेलं की काय याचा अंदाज घेत. मी चेहरा कोरा ठेवला. ऐकू न आल्याचं सोंग तेव्हा जन्मात पहिल्यांदाच केलं, आणि ते मला फार चांगलं साधलं.

यंत्र साबणाच्या वडीएवढं होतं. एक चक्री, एक छोटा कर्णा. आता संध्याकाळपर्यंत ते बाजूला ठेवून द्यावं, हे कुणालाही सुचलं असतं. पण शेजारी जमले होते, आणि समोर चार माणसं बसली की माझ्या हातात आपोआप खडू येतो. मी दाखवलं की ऐकू न येणारे आवाज आपल्याभोवती किती आहेत. विमाकाकूंच्या किल्ल्यांचा जुडगा हलवला, यंत्र किंचाळलं. प्लॅस्टिकची पिशवी चुरगाळली, यंत्रातून आग लागल्यासारखी तडतड आली. काकू म्हणाल्या, "अगं बाई, माझ्या किल्ल्या एवढ्या बोलतात?" वकीलसाहेबांनी बोटांवर बोटं घासली, खरखर ऐकली, आणि पुन्हा पुन्हा घासून खात्री करून घेतली. म्हणाले, "हे न्यायालयात चालणार नाही. पण छान आहे." सौभाग्यवतींनी चहा केला. मी वटवाघळांचे गण, कुळं, कुणाची शेपूट कुठे, सगळं सांगितलं. दुपार अशी गेली की जणू माझी शाळा सुटलीच नव्हती.

उन्हं उतरली. सगळे गॅलरीत दाटीवाटीनं उभे राहिले. मी म्हणालो, "आता शांत राहा," आणि चक्री फिरवली. यंत्रातून बारीक, थकलेली कुरकुर निघाली, मग तीही विझली.

"बॅटरी," वकीलसाहेब म्हणाले. निकाल दिल्यासारखे.

ती चौकोनी जातीची होती, घरातली एकही बसेना. विमाकाकू आपल्या घरून टॉर्च, घड्याळ आणि रक्तदाबाचं यंत्र घेऊन आल्या. तिघांतून बॅटऱ्या काढून पाहिल्या. कोपऱ्यावरच्या दुकानदारानं फोनवर सांगितलं की तशी हल्ली कुणी मागत नाही, मागवून देतो. कधी? पुढच्या आठवड्यात. वाटाणी उद्या सकाळी निघणार होती.

शेजारी एकेक करून पांगले. अशा वेळी माणसं फार समजूतदारपणे चप्पल घालतात. सौभाग्यवती कप उचलून आत गेल्या, आणि गॅलरीत आम्ही दोघंच उरलो.

फटीतून पहिलं वटवाघूळ सुटलं. मग दुसरं.

"आजोबा," वाटाणी माझ्या समोर येऊन, तोंड वर करून, एकेक शब्द सुटा करत म्हणाली, "त्या यंत्रानं फोन ऐकू आला असता?"

"नाही गं. ते फक्त यांच्यासाठी होतं. फोनसाठी वेगळं असतं. कानात घालायचं."

"मग ते घ्याल?"

"घेईन. तू पोचायच्या आत तर नाही, पण पुढच्या फोनच्या आधी नक्की. मग तू मला दाताचं पुन्हा सांग. सगळंच पुन्हा सांग."

तिनं वर आकाशाकडे बोट केलं. "आणि त्यानं ही ऐकू येतील?"

ताईंना मी तेही विचारलं होतं. "नाही," मी म्हणालो. "ही नाही येणार. माझ्यासाठी आता ती गप्पच." मग इतके दिवस तोंडावर आलेलं बोलून टाकलं. "आत्ता येतोय का आवाज? मला येत नाहीये, वाटाणी. अजिबातच येत नाही."

आकाश जांभळं झालं होतं. समोरच्या दिव्याभोवती किडे जमायला लागले होते आणि त्यांच्यावरून काळ्या चिंध्या येत-जात होत्या. मी डोळ्यांनी त्यांचा पाठलाग करत होतो. त्या माझ्या डोक्यावरून गेल्या, वळल्या, परत आल्या, आणि कुठेही काहीही वाजलं नाही.

वाटाणीनं माझा उजवा हात ओढून घेतला, कठड्यावर पालथा पडलेला उलटा केला आणि तळवा उघडला. मग मान कलती केली. एका बोटानं तळव्यावर टिचकी दिली. थांबली. पुन्हा एक. वरून एक वटवाघूळ दिव्याकडे निघालं होतं, तिची नजर त्याच्यावर होती. टिक. टिक. ते वळलं तसं तिचं बोट भरभर चालायला लागलं, टिकटिकटिक, मग इतकं भराभर की मोजता येईना, सगळ्या बोटांनी तळव्यावर नुसती थरथर झाली, गुदगुल्या झाल्या, मला हसू फुटलं. आणि तिनं माझी बोटं खटकन मिटवून मूठ घट्ट दाबून धरली. दिव्याजवळचं वटवाघूळ गिरकी घेऊन निघून गेलं होतं.

"पकडला," ती म्हणाली.

मग तिनं माझी मूठ एकेक बोट सोडवत पुन्हा उघडली, आपलं बोट उचलून धरलं, आणि पुढचं कुठून येतंय ते ऐकत उभी राहिली.